कलमांच्या दिवसांत दापोलीला

शिरूरजवळच्या आमच्या दीड एकरात हापूस लावायचा, हे दोन वर्षं माझ्या मनात होतं. आईच्या चुलतभावाची, म्हणजे माझ्या मामांची, दापोली तालुक्यात तीन पिढ्यांची रोपवाटिका आहे. त्यामुळे कलमं दुसरीकडून घ्यायचा प्रश्नच नव्हता. फोन केला तर मामा म्हणाले, "जुलैत ये. पण नुसती कलमं उचलून न्यायला येऊ नको, चार दिवस राहा. त्या दिवसांत बोलायला सवड नसते, तेव्हा काय ते डोळ्यांनी बघ." म्हणून राहिले. हापूस मात्र आणला नाही.

दिवस पहिला

स्वारगेटहून रात्रीची एसटी, पहाटे दापोली. स्टँडवर मामेभाऊ टेम्पो घेऊन उभा होता, मागे काजूची कलमं. घरी जाताना वाटेत दोन ठिकाणी ती उतरवायची होती. आसूदकडच्या उतारावर दाट धुकं, आणि पाऊस असा की वायपर फिरतोय की नाही ते कळेना. दापोलीत वर्षाला साडेतीन हजार मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो. तो आकडा शाळेत पाठ केला होता, अंगावर त्या दिवशी घेतला.

घर जांभ्याच्या चिऱ्यांचं, कौलारू. पुढे खळं, मागे उतारावर पायऱ्यापायऱ्यांनी रोपवाटिका, वर हिरवी शेडनेट. पडवीत आजोबा बसलेले. हे मामांचे वडील, वय ऐंशीच्या पुढे. मांडीवर प्लास्टिकचा रोल, हातात कात्री, आणि बोटभर रुंदीच्या पट्ट्या कापणं चाललेलं. मी पाया पडले तर म्हणाले, "आलीस पोरी? बस, ह्या पट्ट्या मोज. शंभराची एक जुडी." घरात कोण आलंय याच्याआधी काम काय आहे हे ठरतं, हे तिथेच कळलं.

मामीने गरम घावन आणि गूळ घातलेला नारळाचा रस दिला. तो खाऊन मामांच्या मागे वाफ्यांवर गेले.

"आमचं वर्ष कोयीपासून सुरू होतं," मामा म्हणाले. मे-जूनमध्ये रायवळ आंब्याच्या कोयी गोळा करायच्या. काही गावातून, काही आमरस काढणाऱ्या कारखान्यांतून, पोत्यांच्या हिशोबाने. कोय ताजी हवी. चार-पाच आठवडे पडून राहिली की तिच्यातला जीव जातो. धुऊन पाण्यात टाकायची, तरंगेल ती फेकायची, बुडेल ती बुरशीनाशकात बुडवून वाफ्यावर लावायची आणि वर पेंढा पसरायचा. दोन-तीन आठवड्यांत कोंब येतो.

मी पेंढा जरा बाजूला केला. खाली ओळीने कोंब उभे होते, पेन्सिलीपेक्षा बारीक, आणि टोकाला पानांचा झुबका तांब्याच्या भांड्यासारखा लाल. हा रंग आहे तोवरच कलम बांधायचं. पानं हिरवी झाली की कोंब कडक होतो, मग सांधा नीट धरत नाही. म्हणजे एका वाफ्याला मिळतात जेमतेम आठ-पंधरा दिवस. तेवढ्यात पाऊस असो, घरात लग्न असो, ताप असो, बांधणारे हात तिथे हवेत.

आणि याच दिवसांत विक्रीही असते. लोकांना लागवड पावसाच्या तोंडावर करायची असते, त्यामुळे गेल्या वर्षी बांधलेली कलमं आत्ता विकायची आणि पुढच्या वर्षीची आत्ताच बांधायची. वर्षाचा पैसा या दोन-अडीच महिन्यांत येतो, उरलेले नऊ-दहा महिने तो पुरवायचा. मला वाटायचं कोकणात पाण्याची काय चिंता, पण एप्रिल-मे महिन्यांत यांची विहीर तळाला जाते. तेव्हा हजारो पिशव्यांना दिवसाआड पाणी देताना आंघोळीचं पाणीसुद्धा रोपांकडे वळवतात.

जेवायला कुळथाचं पिठलं, तांदळाची भाकरी, टाकळ्याची भाजी आणि सुका जवळा. रात्रभर कौलांवर पाऊस.

*जाणाऱ्यांसाठी:* जुलैत कुठल्याही रोपवाटिकेत जाताना गमबूट घाला. पिशव्यांच्या ओळींत फुरसं, हा विषारी साप, बसलेलं असू शकतं, आणि ते पाचोळ्यात दिसत नाही. छत्रीचा उपयोग नाही, खोळ किंवा रेनकोट बरा. आणि कलमं बघायची असतील तर सकाळी जा, दुपारी सगळे बांधायला बसलेले असतात.

दिवस दुसरा

आज बांधणी. शेडमध्ये गोणपाटावर सहा जणी आणि दोघे पुरुष, जोड्या करून. एकाने कापायचं, दुसऱ्याने बांधायचं. मामी कापते. तिच्या जोडीला वाडीतल्या एक काकू, वीस वर्षं याच जागी बसणाऱ्या. मी दोघींच्या मधोमध, कलमकाड्या हातात देण्याच्या कामावर.

या काड्या चांगल्या हापूसच्या झाडावरून आणतात, तीन-चार महिन्यांच्या फुटीचे शेंडे. पण झाडावरून तोडली आणि बांधली, असं चालत नाही. आठ-दहा दिवस आधी झाडावर असतानाच तिची पानं कापतात, देठ तेवढे ठेवतात. मग काडीत रस साठतो आणि शेंड्याचा डोळा फुगतो. मामीने एक काडी माझ्या तोंडासमोर धरली. "देठाला बोट लाव." मी लावलं. देठ टपकन गळून पडला. "ही तयार. जिचा देठ ओढावा लागतो, ती परत ठेव."

पुढचं सगळं माझ्या समोर वीतभर अंतरावर घडत होतं. कोयीसकट उपटलेलं खुंटरोप, म्हणजे ज्यावर काडी बांधायची ते रायवळचं रोप, डाव्या हातात. कोयीपासून तीन-चार बोटं वर कोंब आडवा कापला, तांबडी पानं खाली पडली. उरलेल्या दांड्याला मधोमध उभी चीर, दीड-दोन इंचांची. काडीच्या खालच्या टोकाला दोन्ही बाजूंनी एकेक काप देऊन पाचर केली. प्रत्येक बाजूला एकच काप. दुसऱ्यांदा सुरी फिरवली की पृष्ठभाग लाटालाटांचा होतो, मग सालीला साल भिडत नाही. पाचर चिरेत सरकवली, आणि काकूंनी खालून वर पट्टी गुंडाळली, शेवटचा वेढा आत खोचून ओढला. जेमतेम मिनिटभराचं काम. कलम पिशवीत, पुढचं खुंटरोप हातात.

मामीच्या उजव्या अंगठ्याच्या पेरावर काळपट घट्टा आहे. तिथे सुरी टेकते. बाकी बोटं चिकाने काळी. आंब्याचा चीक कातडी भाजतो, म्हणून बसण्याआधी सगळ्या जणी हाताला खोबरेल चोळतात. मी विसरले. संध्याकाळपर्यंत मनगटावर लाल चट्टे उठले आणि मामीची बोलणी खाल्ली. "काय गो, सांगितलं होतं ना तेल लाव?"

दोघींची जोडी दिवसाला दोनशेच्या आसपास कलमं बांधते. त्यातली किती जगतील हे पंधरा-वीस दिवसांनी कळतं, डोळा फुटला की. सांध्यात पावसाचं पाणी गेलं तर बुरशी येते, म्हणून ओल्या हाताने कोणी पट्टीला हात लावत नाही. शेजारी कोरड्या फडक्यांचा ढीग असतो, आणि पावसात ती फडकी कोरडी ठेवणं हेच एक काम होऊन बसतं. चुलीवरच्या दोरीवर सगळ्या घराचे कपडे ओले आणि कलमांची फडकी तेवढी वाळलेली.

चहाला सुट्टी झाली तेव्हा आजोबा शेडमध्ये आले. त्यांच्या तरुणपणी हे असं कोयीच्या कोंबावर बांधायचं कोय कलम नव्हतं, भेट कलम होतं. हापूसच्या झाडाभोवती बांबूचा मांडव घालायचा, रायवळची वर्षाची रोपं मडक्यांत लावून ती मडकी मांडवावर चढवायची आणि जित्या फांदीला रोपाचं खोड तासून बांधायचं. दोन-तीन महिने फांदी झाडावरच. तोवर रोज मांडवावर चढून प्रत्येक मडक्याला पाणी. "कळशी घेऊन शिडी चढायचो," आजोबा म्हणाले. "एका झाडाला साठ-सत्तर मडकी. झाड म्हणजे जत्राच." नंतर कोय कलम आलं. ते कोकणात रुळवण्यात दापोलीच्या कृषी विद्यापीठाचा मोठा हात आहे. विद्यापीठ १९७२ चं. आणि १९९० मध्ये सरकारने रोजगार हमीला जोडून फळबाग योजना आणली, तेव्हा कलमांना अशी मागणी आली की मांडवांवर ती पुरी होणंच शक्य नव्हतं. आजोबांनी पन्नाशीच्या आसपास नव्याने सुरी धरायला शिकून घेतली. विद्यापीठात शिकणाऱ्या विशीतल्या मुलाकडून. हे सांगताना त्यांना जरासुद्धा कमीपणा वाटला नाही, आणि मला ते फार आवडलं.

मीही अकरा कलमं बांधली. मामांनी पाहिलं, सात बाजूला काढली, म्हणाले, "ह्यांच्यात पाचर वाकडी आहे, उगाच पिशवी अडवायची." चार ठेवली.

दिवस तिसरा

सकाळी उघडीप मिळाली. मामेभाऊ आसूदला निघाला होता, त्याच्यासोबत केशवराजाला जाऊन आले. रस्त्यापासून खाली सुपारी-नारळाच्या बागांतून पायवाट, मग साकव ओलांडून दगडी पायऱ्या. साकवाखाली पाणी तांबडंलाल. वर देवळाच्या अंगणात पन्हळीने आणलेलं पाणी गोमुखातून पडत असतं. पायऱ्या शेवाळलेल्या होत्या, उतरताना मी हात धरूनच उतरले.

तिथून हर्णै. जुलै म्हणजे मासेमारी बंदीचा काळ, १ जून ते ३१ जुलै. एरवी माशांच्या लिलावाने गजबजलेला किनारा मोकळा, होड्या वर ओढून झापांनी झाकलेल्या, समोर पाण्यात सुवर्णदुर्ग पावसाने अर्धा पुसलेला. ताजे मासे खायला जाणार असाल तर हे महिने टाळा. पण तो किनारा असा गप्प पाहायला मिळाला, याचं मला समाधान आहे.

येताना मी वाटेतल्या बागा पाहत होते. काही ठिकाणी मोठ्या झाडांच्या मधे एकदम गुडघ्या-कमरेएवढी झाडं. "ती निसर्गनंतरची," मामेभाऊ म्हणाला.

३ जून २०२० ला निसर्ग चक्रीवादळ आलं. दापोलीच्या किनारपट्टीवर आंबा, सुपारी, नारळ आडवे झाले. ही बातमी मी पुण्यात टीव्हीवर पाहिली होती, आई फोन लावून लावून थकली होती. त्या दिवशी या घरात काय झालं ते मात्र मला या दुपारी कळलं, तेही मामांनी रजिस्टर उघडलं म्हणून.

फळझाडांच्या रोपवाटिकेला राज्यात १९६९ च्या कायद्याने परवाना लागतो. खुंट कुठला, काडी कुठल्या झाडाची, हे लिहून ठेवावं लागतं. मामांचं रजिस्टर लांबट, कापडी पुठ्ठ्याचं. पहिल्या पानावर मातृवृक्षांची, म्हणजे ज्यांच्या काड्या घेतात त्या झाडांची, यादी. क्रमांक १, हापूस, आजोबांनी लावलेला. त्या ओळीवर तांबडी रेघ आणि पुढे तारीख : ३-६-२०२०.

हे झाड मुळासकट उपटलं. शेडनेट उडाली, वाफ्यांवर आभाळ उघडं पडलं. त्यानंतर महिन्याहून जास्त दिवस वीज नव्हती. पहिले दोन दिवस रस्त्यावरची झाडं तोडण्यात गेली. तिसऱ्या दिवशी आजोबा पडलेल्या झाडापाशी जाऊन उभे राहिले आणि म्हणाले, "शेंडे अजून हिरवे आहेत." वाफ्यावर मेमध्ये लावलेल्या कोयींचे कोंब तांबडे होऊन उभेच होते. पानं आधी कापून काडी तयार करायला आठ दिवस कुठले? मिळतील ते शेंडे ओल्या गोणपाटात गुंडाळून आणले आणि कंदिलाच्या उजेडात घरातल्यांनी तीन दिवसांत सहाशे कलमं बांधली. बाहेरचं माणूस टाळेबंदीमुळे येऊ शकत नव्हतं.

"किती जगली?" मी विचारलं.

"एकेचाळीस."

त्यातली पाच घरामागे लावली. उरलेली विकली नाहीत. गावात ज्यांच्या बागा गेल्या त्यांना दिली. रजिस्टरमध्ये त्या पाच झाडांना क्रमांक १-अ ते १-उ असे आहेत. पहिली वर्षं मोहर खुडून टाकला, झाड वाढावं म्हणून. यंदा पहिल्यांदा ठेवला. पाचही झाडं मिळून तेवीस फळं आली. घरात ती कोणी कापून खाल्ली नाहीत, आजोबांनी आधी चव पाहिली आणि "तोच आहे" म्हणाले, मग मामीने रस काढून साठं, म्हणजे आंबापोळी, घातलं. त्याचा बोटाएवढा तुकडा मला मिळाला. मी तो पाण्याबरोबर नाही, काहीच्याबरोबर नाही, नुसता खाल्ला.

दिवस चौथा

रविवार, गिऱ्हाइकांचा दिवस. सकाळी आठपासून टेम्पो आणि गाड्या. मी खळ्यात पाण्याचे तांबे देत ऐकत होते.

मंडणगडकडचे एक गृहस्थ कोकमाची रोपं मागायला आले, बियांची, कारण ती स्वस्त. मामांनी नाही म्हटलं. कोकमात नर झाड वेगळं आणि मादी वेगळी. बियांपासून लावलं तर निम्म्याच्या आसपास नर निघतात, आणि ते कळायला सहा-सात वर्षं लागतात. म्हणून मादी झाडाचं कलम हवं, आणि बागेत दहाला एखादा नर. शिवाय काडी सरळ वर वाढणाऱ्या फांदीची पाहिजे. आडव्या फांदीची काडी घेतली तर झाड झुडपासारखं पसरत राहतं, उंच होतच नाही. त्या गृहस्थांचा आधी विश्वास बसेना. मग त्यांनीच सांगितलं की भावाने दहा वर्षांपूर्वी कुठून तरी तीस रोपं आणली होती, फळं तेराच झाडांना धरतात. मामा काही बोलले नाहीत. मुकाट्याने वीस कलमं मादीची आणि दोन नराची काढून दिली, नराच्या पिशवीला निळी दोरी बांधून.

दुसऱ्या एका बाईंना अंगणात एकच आंबा लावायचा होता. त्यांना मामांनी हापूस सोडून रत्ना दिला. नीलम आणि हापूसचा संकर, विद्यापीठाने १९८१ मध्ये आणलेला. हापूससारखा साका, म्हणजे गरात होणारा पांढरट स्पंजासारखा भाग, त्यात होत नाही आणि झाड लवकर धरतं.

मला एक गोष्ट तिथे बसून उमगली. भाजीवाल्याकडचा टोमॅटो आपण हातात घेऊन दाबून बघतो. कलमाचं तसं नाही. पिशवीतल्या पानांवरून हापूस की रायवळ हे बहुतेकांना सांगता येत नाही, आणि खरं काय ते पाच-सहा वर्षांनी फळ आल्यावर समजतं. तोवर माणसाने खड्डा, खत, पाणी, कुंपण सगळं घातलेलं असतं. इतक्या वर्षांची उधारी केवळ शब्दावर चालते. मामांच्या तांबड्या रेघेचं आणि निळ्या दोरीचं मोल त्यात आहे.

*कलम घेताना मामांनी सांगितलेलं :* सांधा जमिनीपासून वीतभराच्या आत असावा, फार वर नको. खुंटाची आणि काडीची जाडी सारखी असावी. सांध्याखालून फुटवे आलेले असतील तर ते रायवळचे, वेळीच काढलेले असले पाहिजेत. कमरेएवढं उंच कलम बघून भुलू नका, पिशवीत जास्त दिवस राहिलेल्या रोपाचं सोटमूळ तळाशी गोल गुंडाळलेलं असतं. परवाना विचारा, पावती घ्या, मातृवृक्ष कुठला ते विचारा. लावताना सांधा मातीच्या वर ठेवा, पट्टी अजून असेल तर कापा, नाहीतर खोडाला ती आवळते. शेजारी काठी रोवा. पहिली तीन-चार वर्षं मोहर काढून टाका, जीव तुटला तरी.

दुपारी गर्दी ओसरल्यावर मी विषय काढला. "मामा, माझे चाळीस हापूस?"

"तुझी जमीन शिरूरची. पाऊस किती?"

"कमीच. मुरमाड आहे, पण विहिरीला पाणी आहे."

"मग हापूस नको. त्याला ही दमट हवा लागते, समुद्राकडची. तिकडे झाड वाढेल, हिरवंगार दिसेल आणि आंब्यासाठी तू दहा वर्षं वाट बघशील. केसर लाव."

"मग केसर द्या."

"माझ्याकडे केसर थोडा आहे, पण तो इथल्या पावसात वाढलेला. एकदम तुमच्या उन्हात नेऊन टाकायचा नाही. तुझ्या जवळपास बघ, तिकडच्या हवेत वाढलेलं कलम घे."

मामी म्हणाली, "अहो, पोरगी एवढ्या लांबून आली." मामा हसले, पण शब्द बदलला नाही. चाळीस कलमांचे पैसे ऐन हंगामात सोडले, तेही घरातल्या गिऱ्हाइकाचे.

संध्याकाळच्या गाडीला मामेभावाने सोडलं. पिशवीत कोकमाचं आगळ, फणसाच्या आठळ्या, आणि आजोबांनी दिलेली पट्ट्यांची एक जुडी, शंभराची. "कलम मोडलं तर बांधायला," म्हणाले.

परतल्यावर

पुढच्या आठवड्यात सोलापूर रस्त्यावर उरुळी कांचनच्या बाजूला गेले. तिथे रस्त्याच्या दुतर्फा रोपवाटिका आहेत. तिसऱ्या ठिकाणी मी मातृवृक्षाचं रजिस्टर मागितलं, तेव्हा गल्ल्यावरच्या तरुणाने आधी माझ्याकडे पाहिलं, मग आत जाऊन वडिलांना घेऊन आला. वडिलांनी रजिस्टर आणलं, बोटाने ओळ दाखवली, आणि विचारलं, "तुमच्या घरात कोणी या धंद्यात आहे का?"

बारा केसर घेतले. उरलेले पुढच्या वर्षी, आधी जमीन काय म्हणते ते बघू. खड्डे घेऊन झाले तेव्हा मामांना व्हिडिओ कॉल लावला. पलीकडे शेडमधला पाऊस ऐकू येत होता. मी एक कलम पिशवीसकट कॅमेऱ्यासमोर धरलं.

"सांधा कितीवर आहे?"

मी वीत लावून दाखवली.

"फुटवे?"

"नाहीत."

"मुळं बघितलीस?"

"सरळ आहेत."

"मग लाव," मामा म्हणाले आणि फोन ठेवला. वाफ्यावर कोंब तांबडे झाले असणार.